शामकलेच्या केसांचा टोप

मित्रांनो, मी नाटकातला एक म्हातारा टोप आहे. भात शिजवायचा नव्हे. पुरुषाची बाई करायची असली की त्याच्या डोक्यावर चढवतात तो, केसांचा. दिसायला अजून बरा आहे. स्वभावाने पहिल्यापासून गर्विष्ठ, आणि थोडा तोंडाळही. माझी हकीकत गोड नाही, हे आधीच सांगून ठेवतो.

मी कारखान्यात तयार झालो नाही. केशोरीपासून दोन कोसांवरच्या एका गावात शामकला नावाची बाई होती, तिच्या डोक्यावर मी वाढलो. तिचे दात पुढे होते, अंगावर फुटका मणी नव्हता, आणि दिवसभर धानाच्या चिखलात वाकून कंबर मोडलेली. पण केस धुऊन, त्यांना मोहाच्या बियांचं टोरीचं तेल चोपडून ती उन्हात बसली की येणारी-जाणारी बाई थांबायची. कमरेच्या खाली पोचत होतो मी! तिच्याजवळ मिरवायला तेवढं एकच होतं.

तिचा नवरा शालीकराम गावच्या नाट्य मंडळाची नटी होता. आमच्या झाडीपट्टीत दिवाळीनंतर गावोगाव मंडई भरते, भाजीची नव्हे, जत्रेसारखी, आणि मंडईला रात्रभर चालणारं नाटक असतं. त्या काळी आमच्या गावात बाईचं काम पुरुषच करत. शालीकराम ते छान करायचा, हे मला कबूल केलंच पाहिजे. पण १९९८च्या मंडईत घात झाला. खलनायक नटीला केसांना धरून फरफटत नेतो असा प्रवेश होता. खलनायकाने हिसका दिला आणि अंबाडीच्या वाखाचा टोप त्याच्या मुठीतच राहिला. शालीकराम तसाच, उघड्या डोक्याने, "सोडा हो मला" म्हणत रडत राहिला. लोक पोट धरून हसले. पुढे वर्षभर पोरं त्याला "ओ बोडके" म्हणून हाक मारत होती. पानठेल्यावर जायचंसुद्धा त्याने सोडलं.

पुढच्या वर्षी दिवाळीच्या तोंडावर शामकलेला मुदतीचा ताप आला. मंडळात पेटी वाजवणारा आणि नाटक बसवणारा कवडू तिला पाहायला आला. त्याने तिच्याकडे कमी आणि माझ्याकडेच जास्त पाहिलं. बाहेर ओसरीत तो शालीकरामला म्हणाला, "काय गा शालीक, घरात एवढं पीक उभं हाय, अन् तू वाख कायले शोधून राहिला?"

शालीकराम आत आला आणि बायकोच्या उशाशी बसला. "डॉक्टरनं सांगतलं, केस ठेवले त ताप डोक्यात जाते," तो म्हणाला. डॉक्टर असं काही बोलला नव्हता. शामकलेने दोन्ही हात डोक्यावर ठेवले, मग हळूच काढून घेतले. "परत येतीन ना जी?" तिने विचारलं. "येतीन ना. रडून काऊन राहिली?" तो म्हणाला, आणि त्याने कपडे कापायची कात्री उचलली. मेलेल्याच्या टाळूवरचं लोणी खाणारे लोक असतात म्हणे. हा तर तेवढा दमसुद्धा धरायला तयार नव्हता.

कवडूने बट बट वेगळी करून मला कापडी टोपीवर शिवलं. त्या वर्षीच्या मंडईत खलनायकाने शालीकरामला माझ्यासकट रंगमंचावर दोन वेळा फिरवलं. खालून नाडी बांधलेली, कपाळाला डिंक लावलेला. मी जागचा हललो नाही. बायका पदराने डोळे पुसत होत्या. सरपंचाने भोंग्यावरून नटीच्या केसांसाठी खास एक लुगडं बक्षीस जाहीर केलं. तो आवाज तापाने फणफणलेल्या शामकलेच्या खाटेपर्यंत गेला असणार. मित्रांनो, खोटं कशाला बोलू? त्या वेळी मला तिची आठवणही आली नाही. मी टाळ्या ऐकत होतो.

ते लुगडं घरी आलंच नाही. पुढच्या नाटकात शालीकरामनेच ते नेसलं.

मंडई संपल्यावर त्याने मला बायकोपुढे टाकलं. "नागपूरवरून आनला. नीट धुऊन दे," म्हणाला. ती तेव्हा नुकती उठून बसायला लागली होती. तिने मला पाण्यात घातलं, पिळलं, तेल लावलं, आणि तिची बोटं एकदम थांबली. सत्तावीस वर्षं ज्या केसांतून हात फिरला, ते केस हाताला कळणार नाहीत होय?

"हे माहे केस हायेत," ती म्हणाली.

"केसावर काय नाव लिवलं रायते?" शालीकराम हसला आणि चहा मागू लागला.

तिचे केस परत आले नाहीत. तापाने टाळू विरळ झाली, वर चार काड्या उगवल्या. "बोडकी" हे नाव नवऱ्याच्या डोक्यावरून उतरून तिला चिकटलं. लग्नाघरी नवरीला हळद लावायला ती पुढे झाली की कोणीतरी म्हणायचं, "तू मांगं राय वो शामकला, नवरीले असगुन कायले?" याच बाया मंडईत माझ्याकडे बघून म्हणायच्या, "काय केस हायेत वो!" आणि दर मंडईनंतर मी तिच्याच पुढ्यात येऊन पडायचो. ती मला धुवायची, तेल लावायची, विंचरायची. एक शब्द बोलायची नाही.

एकदाच बोलली. मुलगी सोनिका तेव्हा आठवीत होती आणि तिथेच अभ्यास करत बसली होती. शामकला नवऱ्याला म्हणाली, "जितेपनी नाई त नाई. मी मरीन तवा तरी हे माह्या डोक्यावर लावून देजा. अशी बोडकी जाऊ नोका देऊ मले." शालीकरामने पोरीसमोर कबूल केलं, "लावीन ना." त्या दिवसापासून शामकला एवढ्या एका गोष्टीवर जगली, असं मी म्हणेन.

मग २००८ साल आलं. वडसाच्या नाटक कंपन्यांमुळे लोकांना खऱ्या बाया पाहायची सवय लागली होती. मंडळाने नटीच्या कामाला अल्का नावाची कलाकार बाहेरून बोलावली. तिचे स्वतःचे केस होते. मला हातात घेऊन ती म्हणाली, "छी, कैसी बास आती है!" गरज सरो, वैद्य मरो. शालीकरामला रंगमंचासमोर वही घेऊन बसवलं. नट विसरला की त्याने खालून वाक्य पुरवायचं. मी मंडळाच्या लोखंडी पेटीत गेलो. कधीमधी चेटकिणीच्या डोक्यावर चढायचो, तेव्हा लोक हसायचे. पेटीची चावी कवडूच्या करदोड्याला असायची.

"आता त माहे मले द्या," शामकलेने तेव्हा मागितलं.

"मंडळाची वस्तू हाय ते. माही नोहोय," शालीकराम म्हणाला. आयत्या बिळावर नऊ वर्षं राहिलेला नागोबा आता बिळाचा मालक कोण ते सांगत होता.

२०१२ची मंडई. पाळणे लागले होते, पाहुण्यांनी घरं भरली होती, आणि त्याच सकाळी शामकला गेली. आमच्याकडे गावात प्रेत असलं की ढोलावर टिपरू पडत नाही. चूल पेटत नाही, मंडई थांबते. म्हणून जो तो घाई करू लागला. लाकडं कोणी न सांगता गोळा झाली. कवडू दोनदा येऊन विचारून गेला, "आंघोळ झाली का? मंग उशीर कायचा?"

लग्न होऊन देवरीला दिलेली सोनिका धावत पोचली होती. आईला न्हाऊ घालून ती बापाला म्हणाली, "बाबा, मायचे केस आना."

शालीकराम खरोखर उठला. त्याने कवडूकडून चावी घेतली, पेटी उघडली, मला दोन्ही हातांत धरलं. माझ्या अंगावर दोन थेंब पडले. तेवढ्यात कवडू मागून आला. "अल्काबाईचा फोन आला. गाडी बिघडली, येऊन नाई राहिली. नटी तूच हायेस आज. टोप चितेवर ठेवशीन त डोक्यावर काय लावशीन? अख्ख्या पंचक्रोशीचे पाव्हने आले हायेत, गा."

चार वर्षं तो वही धरून खाली बसला होता.   त्याने मला पेटीत ठेवलं आणि घरी जाऊन लेकीला सांगितलं, "चाबीच नाई सापडली."

सोनिकाने आईच्या डोक्यावरून पदर ओढून घेतला आणि कपाळापर्यंत आणून टाचला. दुपारी बाराच्या आत शामकलेला नेलं. एकच्या सुमाराला ढोल वाजला.

आणि दिवस बुडाल्यावर शालीकराम माझ्यासह उभा राहिला. काय काम केलं त्याने! फरफटत नेण्याच्या प्रवेशात तो असा रडला की खलनायकाचा हात सैल पडला. कवडूने भोंग्यावरून जाहीर केलं, "बायकोची चिता अजून विझली नाही, आणि हा कलाकार तुमच्यासमोर उभा आहे!" लोक उठून उभे राहिले. मीसुद्धा फुललो होतो, मित्रांनो. माझ्यासारखा नीच मीच.

हीच गोष्ट पुढे आमच्या गावाची शान झाली. तीन वर्षांनी मंडळाचा रौप्यमहोत्सव झाला, मला काचेच्या पेटीत बसवलं आणि खाली पाटी लावली, 'त्यागी कलावंत शालीकराम यांचा टोप'. शालीकरामला शाल देऊन खुर्चीवर बसवलं. सभेत सोनिका उठली. तिच्या कडेवर लहानशी पिंकी होती. ती सरळ पुढे आली आणि म्हणाली, "बाबा, चाबी सापडली म्हना. आता द्या माह्या मायचे केस."

 शालीकरामने कवडूकडे पाहिलं, मग शालीची घडी सारखी केली. "बसून जाय, बाई," तो पोटच्या पोरीला म्हणाला. "कार्यक्रम चालू हाय." कोणीतरी टाळ्या वाजवल्या, मग सगळ्यांनीच वाजवल्या. सोनिका पिंकीला घेऊन त्या आवाजातून बाहेर गेली. ती पुन्हा गावात आली नाही.

आता शाळेच्या सहली माझी काचेची पेटी पाहायला येतात. गुरुजी चितेची गोष्ट सांगतात आणि तुम्ही टाळ्या वाजवता. मित्रांनो, जुन्या वस्तू जपाव्यात असं तुम्हाला शिकवलं असेल. मला जपू नका. काचेच्या पेटीला साधी कडी आहे. कोणीतरी मला काढा आणि देवरीला सोनिकाच्या घरी पोचवा. ती मला जाळो की गाढवी नदीत सोडो, ते तिचं तिने ठरवावं. मला चालता येत नाही. आणि खरं सांगू? चालता आलं असतं तरी मी गेलो असतो की नाही, याची मला खात्री नाही. तुमच्या टाळ्या अजून गोड लागतात.