युगान्ताच्या पोथीतली लाल अक्षरे

"उमटलं! उमटलं!"

पुढच्या रांगेतून कुणीतरी ओरडलं आणि इंदिरानगरच्या मैदानावरचा अख्खा मंडप उठून उभा राहिला. बायकांनी पदर पुढे करून हात जोडले. पुरुषांनी मोबाईल वर धरले. व्यासपीठावर युगांतनाथ महाराज दोन्ही हातांत पोथीचं एक पिवळट पान धरून उभे होते. घटकेपूर्वी ते पान कोरं होतं, हे सगळ्यांनी पाहिलं होतं. महाराजांनी चांदीच्या तांब्यातलं तीर्थ त्यावर शिंपडलं, आणि कोऱ्या कागदावर कुंकवाच्या रंगाची अक्षरं वर आली.

"जळाचा घडा आभाळी फुटेल. नव्या वस्तीत आकांत होईल. हा कालपुरुषाचा लेख, यास कर्ता नाही, यास उपाय नाही."

शिष्य मनोजने माइकवर ते मोठ्यानं वाचलं आणि लोकांच्या अंगावर काटा आला. कारण घडा खरंच फुटला होता. पाथर्डी फाट्याच्या पलीकडे उभ्या राहिलेल्या वनश्री नगरीतली उंच पाण्याची टाकी, पहिल्यांदा पूर्ण भरल्यावर, खांबांसकट खाली आली होती. टाकीखालच्या खोलीत राहणारा वॉचमन बहिरू आणि दोन मजूर त्याखाली चिरडले होते.

"पाचशे वर्षांपूर्वीची पोथी आहे ही!" महाराज गरजले. "महापूर, भूकंप, पूल कोसळणं, विमान पडणं, सगळं यात आहे. तुमचं विज्ञान वर्तमान वाचतं. आम्ही काळाचं सॉफ्टवेअर वाचतो! पण पान कधी बोलतं? संकट घडून गेल्यावर बोलतं. आधी बोललं तर विश्वाचा तोल जाईल!"

संकट घडून गेल्यावर बोलणारं भविष्य. मला हसू आलं, पण आजूबाजूला पाहिल्यावर ते विरलं. माझ्या शेजारी आमच्या सोसायटीतल्या लताबाई रडत होत्या. बँकेत अधिकारी होत्या त्या, सगळा जन्म हिशेब तपासण्यात गेला होता. "सर, म्हणजे हे व्हायचंच होतं हो," त्या म्हणाल्या. "कुणाच्या हातात काही नव्हतं."

पहिल्या रांगेत, गालिचा घातलेल्या सोफ्यावर, धनराज शेठ बसला होता. वनश्री नगरी त्यानेच बांधली होती. त्याने डोळे मिटून मान डोलावली. मंडपही त्यानेच घातला होता.

मी हायस्कूलमध्ये रसायनशास्त्र शिकवतो. आरती चालू असताना मी व्यासपीठाजवळ गेलो, दर्शनाच्या रांगेतून त्या पानापर्यंत पोचलो. लाल अक्षरं आता फिक्कट गुलाबी झाली होती. माझ्या मागच्या माणसाची पाळी येईपर्यंत ती जवळजवळ पुसली गेली. "गुप्त होतात, गुप्त होतात," मनोज सांगत होता. असा लाल रंग आणि त्याचं हे असं फिकट होणं मी वर्गात वर्षानुवर्षं पाहत आलो होतो.

तिथून मी सरळ तेजस्विनी पगारेंकडे गेलो.

तेजस्विनीताई पॉलिटेक्निकमध्ये सिव्हिल शिकवतात. त्यांच्या बैठकीच्या खोलीत एक अख्खी भिंत पुस्तकांची आहे आणि त्यातली बहुतेक दुर्घटनांची. फुटलेली धरणं, पडलेले पूल, उडालेले बॉयलर, जळालेली चित्रपटगृहं. पाहुण्यांना ते अभद्र वाटतं. मी एकदा विचारलं होतं, ताई, हे वाचून झोप कशी येते? त्या म्हणाल्या होत्या, "सर, या प्रत्येक पुस्तकात एक प्रकरण असतंच. कुणीतरी आधी सांगितलं होतं आणि ऐकलं गेलं नाही. ते प्रकरण वाचलं की झोप येत नाही खरी."

या वेळी सांगणाऱ्या त्या स्वतः होत्या. वनश्री नगरीत त्यांच्या बहिणीने घर घेतलं होतं. वास्तुशांतीला गेल्या तेव्हा त्यांनी टाकीच्या खांबावर किल्ली घासून पाहिली होती. काँक्रीट भाजलेल्या वांग्याच्या सालीसारखं सुटून आलं. आतल्या सळया गंजलेल्या, त्याही ठरल्यापेक्षा बारीक. त्यांनी तिथल्या तिथे, सगळ्या पाहुण्यांसमोर धनराज शेठला सांगितलं, "ही टाकी भरू नका. खालची खोली रिकामी करा." शेठ हसला होता. "मॅडम, आज शुभ दिवस आहे. तोंडातून चांगलं काढा."

मी पोथीचं सांगितलं तेव्हा त्यांनी हातातलं पुस्तक मिटलं. मग म्हणाल्या, "यास कर्ता नाही, असं लिहिलंय?"

"शब्दशः."

"किती सोयीचं भविष्य आहे हो."

स्वयंपाकघराच्या दारात बहिरूची बायको कुसाबाई उभी होती. ती हरसूलकडची. खोली गेली, नवरा गेला, तेव्हापासून दोन लेकरांना घेऊन ती ताईंकडेच राहत होती. पोलिसांना पहिला जबाब तिनेच दिला होता. टाकी गळतेय म्हणून बहिरूने सुपरवायझरला दोनदा सांगितलं होतं, आणि "पगार पाहिजे की नाही?" एवढंच उत्तर मिळालं होतं, हे तिनं ऐकलं होतं.

"ताई," ती खाली बघत म्हणाली, "म्या जबाब मागं घेते."

"का गं?"

"म्हाराजांची मानसं आलती. पोथीत लिव्हलंच व्हतं म्हनत्यात. मंग शेठवर आळ घेतला तर पाप लागंल. येत्या रविवारी दुसरं पान निघनार हाय. पोरांच्या बापाकडून काय चूक झाली, ते त्यात हाय म्हनं." ती माझ्याकडे वळली. "सर, त्यानं काय केलं असंल हो? तो तर मुंगीवर पाय द्येत नव्हता."

एका मेलेल्या माणसावर तीन मरणांचा आरोप ठेवायची तयारी चालली होती, आणि साक्षीदार म्हणून त्याचीच बायको उभी करणार होते. काही समजावत बसलो नाही. शाळेच्या प्रयोगशाळेत जाऊन दोन बाटल्या घेऊन आलो.

ओट्यावर कागद ठेवला. "कुसाबाई, लिहिता येतं?"

"चौथी शिकले."

"या काडीनं, या पाण्यात बुडवून, मनात येईल ते लिही. मला दाखवू नको."

तिने काडी बुडवली, पाठ करून काहीतरी लिहिलं. पंख्याखाली कागद वाळला, कोरा झाला. मग दुसऱ्या बाटलीतलं स्वच्छ पाणी तिच्या ओंजळीत ओतलं. "शिंपड."

तिने शिंपडलं. कागदावर लाल, वाकडीतिकडी अक्षरं उमटली. *बहिरू.*

तिने कधी तोंडाने न घेतलेलं नाव. ती मटकन खाली बसली आणि कागद छातीशी धरून रडायला लागली. बऱ्याच वेळाने तिने वर पाहिलं.

"ह्यो द्येव नाय?"

"नाही. पहिल्या बाटलीत एक औषधी पूड आहे, स्पिरिटमध्ये विरघळवलेली. फिनॉल्फ्थॅलीन म्हणतात. वाळली की दिसत नाही. दुसरीत चुन्याची निवळी. दोन्ही भेटले की लाल रंग येतो. हवा लागली की हळूहळू जातो."

"चुना? पानाला लावत्यात त्यो?"

"तोच. पाण्यात कालवून ठेवायचा, चुना खाली बसला की वरचं स्वच्छ पाणी घ्यायचं."

तिने डोळे पुसले. कागदावरचं नाव फिकं होत चाललं होतं, ती ते बघत राहिली. "म्हंजे म्या लिव्हलं त्येच आलं," ती हळूच म्हणाली. "त्यांनीबी त्यांचं त्येच लिव्हलं." आणि मग उठून म्हणाली, "रविवारी म्या जानार. माझं म्या इचारते."

रविवारी मंडप ओसंडून वाहत होता. पोथीतल्या आजवर 'बोललेल्या' पानांच्या छापील प्रती दारातच विकायला होत्या, मुखपृष्ठावर जळती पृथ्वी. लोक एकमेकांना ढकलून घेत होते. जगबुडीची इतकी घाई मी कधी पाहिली नव्हती. मी आणि तेजस्विनीताई व्यासपीठाच्या पायऱ्यांशी जागा धरून बसलो. कुसाबाईला मनोजने हाताला धरून वर नेलं. पांढरी साडी, हातात प्लॅस्टिकची एक बाटली.

"ये माये," महाराज माइकमधून कळवळले. "तुझ्या धन्याकडून अजाणता एक महापाप घडलं. पान आता सांगेल. तू फक्त मान्य कर, म्हणजे त्याचा आत्मा सुटेल, आणि या बिचाऱ्या निष्पाप लोकांच्या मागचा ससेमिराही." निष्पाप लोक सोफ्यावर पाय पसरून बसले होते.

महाराजांनी कोरं पान काढलं. तांब्या उचलला.

"म्हाराज," कुसाबाई म्हणाली, "त्ये तीर्थ कुठलं?"

"रामकुंडातलं गं! साक्षात गोदामाई!"

"मंग माझंबी रामकुंडातलंच हाय. म्या त्याच्या अस्थी सोडल्या त्याच कुंडातून आनलंय." तिने बाटलीचं बूच काढलं. "त्याचं पाप माझ्या हातच्या पान्यानं उमटू द्या."

महाराजांचा हात जागीच थांबला. पण मंडपातून "खरंय, खरंय!" असा आवाज उठला. नवऱ्याच्या अस्थी सोडलेलं पाणी नाकारायचं कसं? कुसाबाईने ओंजळभर पाणी पानावर टाकलं.

पान ओलं झालं. एवढंच. दुसरी ओंजळ टाकली. पाणी पानावरून ओघळून खाली पडलं.

"सुतक आहे तिच्या हाताला!" मनोज पुढे धावला.

तेजस्विनीताई उभ्या राहिल्या. त्यांचा वर्गातला आवाज, माइकची गरज नव्हती. "मग शेठच्या हाताला तर सुतक नाही ना? ते निष्पाप आहेत, आत्ताच महाराज म्हणाले. शेठ, वर जा. त्याच बाटलीतलं पाणी टाका."

हजार डोळे वळले. शेठ नाइलाजाने वर गेला, दोन बोटांनी चार थेंब टाकले आणि मागे सरला. पान कोरंच.

"पापी लोक सभेत बसले आहेत!" महाराज ओरडले. "पोथी कोपली!" ते पोथी गुंडाळायला वाकले. त्याच क्षणी कुसाबाईने चांदीचा तांब्या उचलला आणि अख्खा पोथीवर उपडा केला.

पोथीची पानं सुटून व्यासपीठभर पसरली आणि एकेक करून लाल होऊ लागली. मी वर चढलो. पुढचे लोकही चढले. बहिरूचं पान सगळ्यात वर होतं. "रक्षकाने क्षेत्रपालाच्या नारळास पाय लावला. तोच घडा फुटण्याचे कारण." पण त्याखालच्या पानांनी मात्र मला गोठवलं. "कोवळी लेकरे नेणारी गाडी दरीत जाईल. सारथ्याच्या पूर्वजन्मीचे पाप." "घाटातला पूल वाहून जाईल. यास कर्ता नाही." "आरोग्यगृहास अग्नी लागेल. रुग्णांचे संचित." लताबाई चष्मा सावरत मोठ्याने वाचत होत्या आणि वाचता वाचता थांबल्या.

"पण हे तर झालेलंच नाही अजून," त्या म्हणाल्या.

"होईल की," तेजस्विनीताई म्हणाल्या. "या देशात पूल पडतो, बस दरीत जाते, दवाखान्याला आग लागते. त्याला भविष्य कशाला लागतं? तयारी करून ठेवली होती यांनी. अपघात झाला की योग्य ते पान बाहेर. माणसं अजून मेली नाहीत, पण दोष कुणाच्या माथी मारायचा ते आधीच लिहून तयार."

महाराजांच्याच ताटातलं लिंबू घेऊन मी बहिरूच्या पानावर पिळलं. पाप क्षणात नाहीसं झालं. मग माइक घेऊन निवळीचं, पुडीचं, आंबटाने रंग का जातो त्याचं सगळं सांगितलं. आठवीच्या मुलांना जसं सांगतो तसंच. काहींनी ऐकलं. काहींनी महाराजांची गचांडी धरली, त्यांना आम्हीच सोडवलं. मारून काय सिद्ध होणार होतं? पोलीस आले, जादूटोणाविरोधी कायद्याखाली गुन्हा नोंदला गेला, ओली पोथी पिशवीत भरून नेली.

इथे गोष्ट आनंदाने संपली असती तर मलाही बरं वाटलं असतं. महाराज जामिनावर सुटले आणि आता नांदगावकडे त्यांचे सत्संग चालू आहेत, असं ऐकतो. धनराज शेठलाही अटक झाली, तोही सुटला. टाकीचे नमुने तपासणीला गेलेत, खटला चालेल तेव्हा चालेल. कुसाबाईने जबाब मागे घेतला नाही. शेठच्या माणसांनी तिला गाठून पुन्हा समजावलं, तेव्हा तिने उलट विचारलं, "लेखच व्हता तर शेठ तवा टाकीखाली का नव्हता उभा?" ती आता एका शाळेत मुलांचा पोषण आहार शिजवते.

आणि लताबाई? त्या मला जिन्यात भेटल्या. "सर, तुम्ही खरं तेच केलंत," त्या म्हणाल्या, "पण आधी मनाला बरं वाटत होतं. कुणाचाच दोष नाही म्हटलं की झोप लागत होती. आता रोज वाटतं, त्या वास्तुशांतीला मीही होते. ताई बोलल्या तेव्हा मी पेढा खात होते."

मला वाटतं, अशी पोथी महाराजापेक्षा आपल्यालाच जास्त हवी असते. ती शेठला सोडवते आणि जाता जाता आपल्यालाही सोडवते. गळती पाहून पुढे गेलेल्या सुपरवायझरला, सही करणाऱ्या साहेबाला, पेढा खाणाऱ्या पाहुण्याला. म्हणून हात जोडून एवढंच सांगतो. उद्या काही कोसळेल, जळेल, बुडेल, तेव्हा कुणीतरी कोरं पान घेऊन येईल. त्याच्यापुढे रांग लावू नका. सळई कुणी घातली, तपासणी कुणी केली, कुणी आधी सांगितलं होतं आणि कुणी ऐकलं नाही, ते विचारा. उत्तर मिळेपर्यंत विचारा. माणसांनी केलेल्या मरणावर देवाची सही चालवून घेऊ नका.