निवांत

सर्व्हरचे पंखे अखंड घरघरत होते. रुग्णालयाच्या तळघरातल्या त्या गार खोलीत ताई पडद्याकडे पाहत होती. आणि तिच्याही आधीपासून हा सर्व्हर सांभाळणारे मास्तर तिच्याकडे पाहणं टाळत होते.

सर्व्हरची किरकोळ सुधारित आवृत्ती काल तिनेच चढवली होती. नाव घेण्यासारखं तिच्यात फारसं नव्हतं: सुरक्षेतली काही भगदाडं बुजवलेली, आणि सर्व्हरवर चालणारी एखादी सेवा गुदमरून बंद पडली तर त्याने तिला आपणहून उभं करावं, एवढी नवी समज. पण सकाळपासून तपासण्यांचे अहवाल वॉर्डात पोहोचेनात. अहवाल पोहोचवणारी सेवा उठे, जेमतेम श्वास घेई, पुन्हा कोसळे. रुग्णालयाच्या साहेबांनी फोनवर ताईला धारेवर धरलं. दुपारपर्यंत निस्तरा, नाहीतर जुनी आवृत्ती परत आणा, असं बजावलं. म्हणजे बुजवलेली भगदाडं आपल्याच हातांनी उघडायची; त्याऐवजी ती सर्व्हरच्या नोंदी चाळत बसली.

मग तिला सापडला एक चिमुकला प्रोग्रॅम. सेवा जरा अडखळली की तिला बंद करून नव्याने सुरू करणारा. सर्व्हर तिला उठवी, तोच हा धावून येऊन तिला पाडी, तेही उचलण्यासाठीच. प्रोग्रॅमचं नाव होतं 'निवांत', आणि तो मास्तरांचा होता.

"तुम्हाला कळलं होतं?"

"सकाळीच."

"आणि बोलला नाहीत. साहेब माझी बिनपाण्याने हजामत करत होते, तुम्ही शेजारी चहा पीत बसलात."

"तो चहा घशाखाली उतरला नाही, ताई."

मग तुटक तुटक त्यांनी सांगितलं. तेव्हा बायको अंथरुणाला खिळलेली, आणि इथे सेवा वरचेवर गुदमरायची. रुग्णालयातून फोन आला की बायकोला एकटीला टाकून धावावं लागे. शेवटी तिच्या उशाशी बसून त्यांनी हे लिहिलं. त्यानंतर फोन वाजला नाही. ती गेली तेव्हा तिचा हात त्यांच्या हातात होता.

ताईला आपलेच शब्द बोचले.

"आता ते काम सर्व्हरच करतोय, मास्तर," ती हलकेच म्हणाली. "तुम्हाला विचारल्याशिवाय मी हात लावणार नाही. काढू?"

टेबलावरचा फोन वाजू लागला; साहेबांचाच असणार. मास्तरांनी खुर्चीच्या पाठीवरचा स्वेटर उचलला, होकारार्थी मान हलवून कीबोर्ड तिच्याकडे सरकवला आणि दार लोटून ते जिन्याकडे चालू लागले.