थांबण्यासाठी लागणारे इंधन

मित्रांनो, मी एक जुने, चार इंजिनांचे विमान आहे. आता शेडच्या मागे उभे आहे. चाकांत हवा नाही. पण रडगाणे सांगायला मी तोंड उघडलेले नाही. मला राग आला आहे.

समुद्रात कोणी हरवले की तिथे जायचे, खाली यायचे, वेग कमी करायचा आणि त्याच पाण्यावर तासन्‌तास घिरट्या घालायच्या, हे माझे काम. इंधन पुरावे म्हणून वैमानिकदादा तेवढा वेळ दोन इंजिने बंद ठेवत. खिडकीपाशी पाण्यावर नजर ठेवणाऱ्या अक्का बसत, डोळ्यांत तेल घालून. सापडलेल्या माणसावरची नजर हलली की लाटा त्याला पुन्हा गिळतात. म्हणून त्याला उचलून घेणारी बचाव-होडी येईपर्यंत आम्ही तिथून हलत नसू. अशी सदतीस माणसे घरी पोहोचली. तेव्हा माझे केवढे कौतुक झाले!

मग नवे साहेब आले. नोंदवही चाळून म्हणाले, "हे जातं तरी कुठे? निघालं तिथेच परत! आणि अर्धी इंजिनं बंद. मग टाकीही अर्धीच भरा."

"साहेब, जाता-येता चारही लागतात," दादा म्हणाले. "दोन बंद करतो ती तिथे थांबल्यावर."

"थांबायला कसलं इंधन लागतं हो?"

शेडमधले सगळे हसले. साहेब हसले नाहीत. ते खरेच विचारत होते.

त्याच आठवड्यात फळीला धरून तरंगणारा एक मच्छीमार अक्कांना दिसला. होडी तासाभराच्या अंतरावर होती. अर्ध्या टाकीत आमच्याकडे थांबायला वीस मिनिटांचेच इंधन होते.

"दादा, अजून एक फेरी."

दादांनी तीन मारल्या. मग इंधनाच्या काट्याकडे पाहून वळले. खालून त्याने हात हलवला. आम्ही मदत आणायला निघालो, असेच त्याला वाटले असणार.

होडीला नुसती फळी सापडली.

अहवालात लिहिले, 'विमान जुने असल्याने परतले.' मित्रांनो, मी जुने होते, पण थकले नव्हते. मला उपाशी पाठवले होते!

कोणाची राखण करत एका जागी थांबलेल्याला रिकामटेकडा म्हणू नका. त्याला काय हवे ते विचारा आणि तो मागेल तेवढे द्या.

त्या मच्छीमाराची बायको फाटकाशी आली होती. तिने अक्कांना विचारले, "तुम्हाला दिसले होते ना ते? मग थांबला का नाहीत?"

साहेब मागच्या दाराने निघून गेले.