डावा त्यांचा, उजवा तिचा

जॉयस्टिकच्या टोकावरचं करडं रबर एका बाजूनं झिजलं होतं. झीज वरच्या अंगाला, खाली जवळजवळ नाहीच—म्हणजे आपण हिला सतत पुढंच ढकलत आलो, मागं कधी ओढलीच नाही... आणि हे आपल्याला आजच का दिसावं? एवढे महिने अंगठा तिथंच होता. आजही तिथंच होता, फक्त दाबत नव्हता. छोट्या पडद्यावर गेममधली त्यांची पोरगी, निळी, शेकोटीजवळ उभी होती, तिचा निळा अंगरखा वाऱ्यानं फडफडत होता आणि समोर तो दगडी दरवाजा, ज्याच्यासाठी दोघांनी इतकी जंगलं, इतक्या गुहा तुडवल्या होत्या.

"चला की बाई," शेजारच्या खुर्चीतून काका म्हणाले. "पायांना मुळं फुटली का तिच्या?"

"चालतेय," ती म्हणाली. अंगठा हलला नाही.

डायलिसिसच्या खोलीत खिडकीकडच्या शेवटच्या दोन खुर्च्या त्यांच्या. तिच्या डाव्या हातात सुया, त्यांच्या उजव्या. मधल्या फटीकडे तिचा उजवा मोकळा आणि त्यांचा डावा. सुयांचा हात हलवायचा नाही, हा इथला पहिला आणि शेवटचा नियम. हा हातातला गेम काकांच्या मुलीनं आणून दिला होता, वडील सिस्टरांचं डोकं खातात म्हणून. पण एका हातानं तो खेळता येईना. एका बाजूला चालणं, दुसऱ्या बाजूला उडी, तलवार आणि ढाल. एक केलं की दुसरं राहायचं आणि निळी पहिल्याच लांडग्याच्या तोंडी जायची. पुष्कळदा मरून झाल्यावर त्यांनी तो तिच्याकडे तिरका केला होता. "बाई, एक हात उसना देता का?" तेव्हापासून मधे स्टूल, स्टुलावर उशी, उशीवर गेम. चालायचं तिनं, मारायचं त्यांनी. आयुष्यभर बस चालवलेला माणूस, सगळी खोली त्यांना ड्रायव्हरकाका म्हणायची, आणि स्टिअरिंग मात्र तिच्याकडे. यावर ते रोज कुरकुरायचे आणि रोज खूश असायचे.

वळण घेताना तिचा अंगठा आधी जायचा की त्यांची उडी आधी यायची, हे आता दोघांनाही सांगता आलं नसतं. नवऱ्याशी इतकं जमलं नव्हतं... नको. तो विचार नको. नवरा बिचारा सकाळीच म्हणाला होता, सांगून टाक ना त्यांना, त्यात काय एवढं.

त्यात काय एवढं! ती कोर्टात टायपिस्ट होती. लोक खरं सांगायच्या आधी किती वेळ पाण्याच्या ग्लासाकडे बघत बसतात ते तिला ठाऊक होतं. वाक्य तयार होतं. काका, माझं ठरलंय, पुढच्या आठवड्यात, ताई देतेय. पूर्णविराम. लहानपणी खोडरबराचा अर्धा तुकडा मागितला तर कंपासपेटीवर आडवी पडणारी ताई, ती आता किडनी देतेय, आणि देतेय ती अशी की जणू शेजारी विरजण मागायला आलंय. हेही सांगितलं तर काका हसतील. हसतील ना? मागं एकदा त्यांनी स्वतःचं सांगितलं होतं, याच खुर्चीत, पाय पसरून. मुलगी द्यायला तयार होती, सगळं जुळलंही होतं, पण त्यांचं हृदय भूल सोसणार नाही असं डॉक्टर म्हणाले. "इंजिन नवं बसवायला चेसी तरी धड हवी ना," काका म्हणाले होते, आणि सगळी खोली हसली होती. सगळ्यांत जास्त ती. खाली उतरताना लिफ्टमध्ये तिचं तिलाच ते हसू आठवलं होतं आणि गाल तापले होते.

...आणि आता अशा माणसाला सांगायचं, की मी चालले.

"टॉवर गेलाय का तुमच्या अंगठ्याचा?" काका.

"दरवाजातून आत गेलं की परत येता येत नाही, असं लिहिलंय."

"मग? परत यायचंय कुणाला?"

तिनं अंगठा पुढं ढकलला. निळी चालू लागली. दरवाजा घरघरत उघडला असणार. आवाज बंद ठेवायची ताकीद होती, त्यामुळे घरघर ऐकू आली ती मशीनचीच. रक्ताच्या नळीचं ते चाक गोल गोल फिरत होतं. आत अंधार, मग गोल अंगण, आणि अंगणात एक लोखंडी बैल, डोळ्यांत निखारे पेटलेला, मान खाली घालून उभा.

"आला बाप," काका पुटपुटले. "बाजूनं घ्या, समोरून नको."

ती बाजूनं घेऊ लागली. बैल धावला. तिनं निळीला डावीकडे टाकलं, काकांनी त्याच क्षणी उडी मारली, शिंग पायाखालून गेलं. पुन्हा वळसा. तलवार. बैलाच्या बरगड्यांतून ठिणग्या उडाल्या. हे संपलं की गेम संपतो... संपला की काय बोलायचं? मधे एक काहीतरी होतं म्हणून बोलावं लागत नव्हतं. आणि न संपवता गेले तर? पुढच्या वेळी ते उशी मांडून बसतील आणि ही खुर्ची... कुणाची तरी असेल. कदाचित त्याचाही डावाच हात मोकळा असेल, तर मग काही उपयोग नाही. आत्ता सांग. हा वळसा झाला की सांग. हा झाला की. उजव्या दंडावरचा रक्तदाबाचा पट्टा आवळत चालला होता, बैलानं मान फिरवली, कोपऱ्यात सापडली निळी, कोपऱ्यात!

"मागं! मागं घ्या!"

मागं घ्यायची सवयच नव्हती अंगठ्याला. तो पुढं गेला. आणि त्याबरोबर तिचा दुसरा हातही, न हलवायचा हात, जणू निळीला बखोटीला धरून ओढायला म्हणून, खांद्यापासून पुढं झेपावला.

मशीन किंचाळलं. लाल दिवा. डाव्या दंडात सणसणून कळ गेली.

सिस्टर धावत आल्या. हात सरळ केला, नळीवरून बोट फिरवलं, सुईजवळ दाबून पाहिलं, बटण दाबून आवाज बंद केला. चाक थबकलं होतं, ते पुन्हा फिरू लागलं.

"काय हे? लहान आहात का तुम्ही?" सिस्टर म्हणाल्या. त्या मनापासून घाबरल्या होत्या, म्हणून मनापासून रागावल्या होत्या. "ऑपरेशन पुढच्या आठवड्यावर आलंय आणि आत्ता हात सुजवून घेणार? तिकडे बहीण बिचारी पथ्यं पाळतेय आणि इकडे तुम्ही बैलांशी मारामाऱ्या करा."

चिकटपट्टी नव्यानं लावून त्या गेल्या. जाताना काकांकडेही एक डोळे वटारणं झालंच.

ती पडद्याकडे बघत राहिली. पडदा सोडून दुसरीकडे बघायची तिची छाती नव्हती. निळी मेली नव्हती, आश्चर्य म्हणजे. काकांनी ढाल धरली होती. एवढ्या गोंधळातही त्यांचा अंगठा ढालीवरून उठला नव्हता. बैल येऊन धडकत होता, निळी एक पाऊल मागं सरकत होती, पुन्हा धडकत होता. मग अंगठा उठला. पुढच्या धडकेला निळी पडली आणि पडदा काळा होऊन पुन्हा शेकोटी आली. दरवाजा बंद. जिथं होतो तिथंच.

"पुढच्या आठवड्यात," काका म्हणाले.

"हो."

"बहीण म्हणजे ताई? ती खोडरबरवाली?"

ताईबद्दल हे आपण यांना कधी सांगितलं होतं? सांगितलं असणार. इतक्या दुपारी गेल्या. काय काय सांगितलं असेल आणि नेमकं हे नाही. तिनं मान हलवली.

"मी सांगणार होते, काका. आज घरून ठरवूनच आले होते. मागच्या वेळीही..."

"राग आला मला," काका म्हणाले. आवाज नेहमीचाच होता. "खोटं कशाला सांगू? न सांगितल्याचा आला." मग म्हणाले, "थोडा ऑपरेशनचाही आला. जाईल तो. घरी जाईपर्यंत जाईल."

तिला रडू येईल असं तिला वाटलं होतं. आलं नाही. उलट छातीवरचं काहीतरी उचललं गेलं. काका रागावले, आणि तरीही खुर्चीत होते, पाय तसेच पसरलेले. एवढंच होतं तर ते. ज्या प्रसंगासाठी ती रात्री कूस बदलत होती, तो एवढ्यात होऊनही गेला होता.

"द्या इकडे जरा," काका म्हणाले, आणि उशीवरून गेम उचलून त्यांनी मांडीवर घेतला. डावा अंगठा जॉयस्टिकवर ठेवला. "बघू, आम्हाला येतं का."

"एका हातानं तलवार नाही मारता यायची, काका."

"मारतोय कोण? नुसता चालवतो."

आणि ते चालवू लागले. दरवाजाकडे पाठ करून निळी आल्या वाटेनं निघाली. जिथले लांडगे मारून झाले होते त्या जंगलातून, जो पूल तुटता तुटता ओलांडला होता त्यावरून, नदीच्या काठाकाठानं. काका वळणं सावकाश घेत होते, आधी थोडं बाहेर जाऊन मग आत, मागं माणसं बसलेली असल्यासारखं. छान चालवत होते. हे आपण त्यांना कधी करूच दिलं नाही... तिचा उजवा हात रिकाम्या उशीवर पडून होता, आणि तिला, अगदी खरं सांगायचं तर, वाईट वाटलं. आपल्यावाचून यांचं अडेल, या काळजीनं जीव खाल्ला होता. आता अडत नव्हतं, तर तेही सोसवेना.

"भीती वाटते का?" पडद्यावरून नजर न काढता काकांनी विचारलं.

नाही, डॉक्टर चांगले आहेत. नाही, ताईच्या सगळ्या तपासण्या उत्तम आल्यात. नाही, हल्ली हे कुठं एवढं मोठं राहिलंय. उत्तरं रांगेत उभी होती, सासूसाठी, ऑफिससाठी, ताईच्या मुलांसाठी वापरून गुळगुळीत झालेली. तिनं तोंड उघडलं आणि त्यांतलं एकही पुढं आलं नाही. तिच्या लक्षात आलं, हे तिनं स्वतःला विचारलंच नव्हतं. काकांना कसं सांगू, काकांना काय वाटेल, काकांचं तोंड कसं होईल... किती दिवस दारात हेच ठाण मांडून बसलं होतं, आणि त्याच्यामागं काय काय रांग लावून उभं आहे ते दिसतच नव्हतं. आता दारातलं उठलं. आणि आत आलं ते पांढरं टेबल, वरचा तो दिवा, शेजारच्या टेबलावर ताई, कुशीवर, डोळे मिटलेली, धडधाकट ताई, जिला काहीही झालेलं नव्हतं. आणि नाही रुजली तर? अंगानं नाकारली तर? ताईनं दिली ती दिलीच, परत कुठं बसवायची?

"हो," ती म्हणाली. आवाज इतका लहान निघाला की पुन्हा म्हणावं लागलं. "हो. खूप."

काकांनी मान हलवली. घाबरू नका, असं ते म्हणाले नाहीत. निळी नदीकाठानं चालत राहिली.

दंडात अजून ठणकत होतं. मशीनवर आता थोडाच वेळ उरला होता. एरवी ती या वेळी चपला कुठं काढल्यात ते पायानं चाचपू लागायची. आता सिस्टर येतील, सुया काढतील, बोटानं दाबून धरायला सांगतील, मग उठायचं. आज पाय चपलांकडे गेलेच नाहीत. तिनं त्या फिरणाऱ्या चाकाकडे पाहिलं, आणि इतक्या महिन्यांत पहिल्यांदाच तिला वाटलं, अजून थोडा वेळ लागू दे.