कडुलिंबाला गर कुणी घातला?

पट्टी कोरी पांढरी होती, हे पहिल्या रांगेनं पाहिलं आणि मागच्या रांगांना सांगितलं. वेणीमाधवबुवांनी मांजरपाटाची ती पट्टी उंच धरून दोन्ही अंगांनी फिरवून दाखवली. मग चिंचोळ्या तोंडाच्या काळ्या माठाचं झाकण चार बोटं सरकवून ती आत सोडली, निथळती काढून थेट आडव्या पडलेल्या भीमाच्या पोटावर पसरली आणि वरून केळीचं पान गच्च दाबलं. कापराचा धूर एवढा, की पुढच्यांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. मागचे ती भक्ती समजत होते.

"गरा रे गरा, घर सोड," बुवा म्हणाले. "अन्नातून आलास, पाण्यातून आलास, आता वस्त्रातून जा. मंडळी, श्वास आवरा. हे विष लाजाळू आहे. उघड्यावर आलं की मगच रंग दाखवतं."

पान काढलं. पट्टी पिवळसर. "काहीच न्हाय की," असं म्हणायला कुणीतरी तोंड उघडलं, तोवर पट्टीचे काठ हिरवे झाले. हिरवं आत सरकलं. शंभर आकडे मोजून होईपर्यंत पट्टी निळीशार, शंकराच्या कंठासारखी. गर्दीतून एक सुस्कारा निघाला, आणि सगळ्यांनी वळून मागं उभ्या असलेल्या भीमाच्या बायकोकडं, रंभेकडं पाहिलं.

सन एकोणतीसच्या उन्हाळ्यात सोलापुरात, तळ्याकाठच्या त्या कडुलिंबाखाली, बुवांनी महिन्याभरात बत्तीस पोटं तपासली होती. भीमा बत्तिसावा. बत्तिसाव्या पोटापर्यंत एकही पट्टी कोरी निघाली नव्हती, हे कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं. गर घातला कुणी, याचा निवाडाही तिथंच व्हायचा: सत्तावीस वेळा सून, तीनदा भावजय, दोनदा शेजारीण. सासू एकदाही नाही. आजाऱ्याला घेऊन यायची सासूच, तेव्हा त्यात नवल ते काय.

सत्ताविसावी सून रंभा.

"आई, घरात परगावचं कोण?" बुवांनी भीमाच्या आईला, काशम्माला विचारलं.

"सूनच की, महाराज. संस्थानातली हाय. दुधनीची."

"तरीच. शास्त्रात शब्द आहे, गरविष. नवरा मुठीत राहावा म्हणून बायका अन्नातून कालवून घालतात. लगेच मारत नाही, झिजवतं. पोटात कळा, मळ धरणं, हात लुळा पडणं. सगळं आहे ना?"

सगळंच होतं. काशम्मानं पदर डोळ्यांना लावला.

"मी न्हाय काय घातलं," रंभा मागून म्हणाली. घालणारीची सावली माठावर नको, म्हणून तिला वीस हात लांब उभी केलेली. तिथून तिचं ऐकायला येण्याजोगं नव्हतं, आणि आलं असतं तरी ऐकायला कुणी बसलेलं नव्हतं.

बुवांनी काशम्माच्या हाती शेंदराची डबी दिली. रोज गव्हाएवढी चिमूट तुपातून, आठवडाभर. पुढल्या सोमवारी दुसरी पट्टी. तीही निळी निघाली, तर सुनेनं पट्टी पिळलेलं पाणी सगळ्यांसमोर प्यायचं आणि तसंच माहेरी जायचं. तिची चार वर्षांची लेक प्रेमला मात्र सोलापुरातच राहील. विषारी हातानं वाढलेली पोर पुढं काय करील, सांगता येत नाही.

काशम्मानं मान डोलावली. रंभेला कुणी विचारलंच नाही.

आठवडाभर चूल काशम्मानं ताब्यात घेतली. रंभेनं पाण्याच्या घागरीलाही शिवायचं नाही. सोमवार, मंगळवार, बुधवार गेले. भीमाची कळ कमी व्हायची सोडून वाढली. गुडघे पोटाशी घेऊन तो भिंतीकडं तोंड करून पडायचा, आणि उजवा पंजा मनगटातून असा लोंबायचा, जणू तो त्याचा नव्हताच.

"आत्या," रंभा सासूला म्हणाली, "तीन दिस झाले, माझ्या हातचा घास न्हाय पोटात. मग कळ का वाढती?"

"आत मुरलंय ते. निघतानाच दुखतं."

कमी झाली असती तर बुवांचा गुण. वाढली तर सुनेचा अवगुण. या तराजूला दुसरं पारडंच नव्हतं.

रंभा स्वतःच्याच मागं लागली. आंबाडीच्या भाजीत काही गेलं का? तांब्याच्या भांड्यात ताक राहिलं का? लग्नानंतरच्या सात वर्षांतला एकेक स्वयंपाक तिनं मनात उलटापालटा केला. असं शोधत राहिलं की निरपराध माणसालाही काहीतरी सापडायला लागतं.

गुरुवारी दुपारी काशम्मा बाहेर गेली तेव्हा भीमानं रंभेला हाक मारली.

"रंभे, खरं सांग. घातलं असशील तर सांग. मी रागावत न्हाय. फकस्त थांबीव की गं."

ती उठली, डोक्यावर पदर घेतला, आणि कुणाला न विचारता मंगळवार पेठेतल्या दवाखान्यात गेली.

डॉक्टर यज्ञेश्वर यांचे वडील वैद्य. म्हणून दवाखान्याच्या एका कपाटात बाटल्या, दुसऱ्यात पोथ्या. रंभेचं सगळं ऐकून ते पोथ्यांच्या कपाटाकडं वळले.

"बुवा पढिक आहे," पान उलटत ते म्हणाले. "गर हा शब्द त्यानं बनवलेला नाही, इथं आहे. आणि बायका नवऱ्याला घालतात, हेही इथं आहे."

रंभा पोथीवर वाकली. "म्हंजे खरंच हाय?"

"शब्द खरा आहे, बाई. पण गर म्हणजे कालवून केलेलं विष. कुणी कालवलं ते पोट बघून सांगता येत नाही, पट्टी बघूनही नाही. वैद्यानं हा शब्द रोग्यावर इलाज करायला वापरायचा. बुवा तो न्यायाधीशासारखा वापरतोय." त्यांनी दोन पानं पुढं उलटली. "शेजारीच दुसरा शब्द आहे, तो त्यानं वाचला नसावा. दूषीविष. थोडं थोडं अंगात जातं, बाहेर पडत नाही, मुरून राहतं आणि वर्षांनी उठतं. त्याला घालणारा लागतोच असं नाही. नवरा काम काय करतो?"

"रुद्रप्पा मालकाच्या रंगखान्यात. पिवळ्या सुतावर."

"हात तोंडाला लावतो?"

"त्यातच तर त्यांची हुशारी," ती म्हणाली, आणि त्या आठवड्यात पहिल्यांदा तिच्या आवाजात थोडा अभिमान आला. "पहिल्या कुंडातलं पाणी बोटानं जिभेवर ठेवून बघत्यात. गोड लागलं की पाणी बरूबर. अख्ख्या रंगखान्यात ह्यांच्यासारखी जीभ न्हाय. दिसातनं धा येळा चाखाय बोलवत्यात."

डॉक्टरांनी पोथी मिटली. "त्या कुंडात काय घालतात?"

"शिशाची साखर म्हणत्यात."

"किती वर्षं चाखतोय?"

"नऊ."

"आणि बुवानं खायला दिलंय काय?"

"शेंदूर."

डॉक्टर खुर्चीतून उठलेच. "शेंदूर म्हणजे शिसंच, बाई. आजच्या आज बंद करा. त्याला इकडं आणा."

"पर डाक्टरसाहेब, पट्टी निळी का होती? ते सांगितल्याबगर आत्या ऐकायच्या न्हाईत."

"ते मला माहीत नाही," डॉक्टर म्हणाले. "माहीत नाही ते मी सांगत नाही. सोमवारी येतो, बघतो."

घरी तिनं सांगितलं. काशम्मानं डबी कमरेला खोचली. "डाक्टर काय तुझ्या माहेरचा हाय? देवाचा शेंदूर कुटं बाधतो व्हय गं?"

सोमवारी गिरणीचा भोंगा झाल्यावर पहिल्या पाळीचे लोकही थेट कडुलिंबाखाली आले. भीमाला बाजेवर घालून आणलं होतं. डॉक्टर बाजेच्या पायाशी उभे. दुसरी पट्टीही निळी झाली, कारण ती होणारच होती. बुवांनी पट्टी तांब्याच्या वाटीत पिळली, माठातलं पाणी वर ओतलं आणि रंभेला पुढं बोलावलं. प्रेमलेला काशम्मानं हाताला धरून ठेवलं होतं. पोरगी आईकडं यायला ओढत होती.

रंभा पहिल्यांदाच त्या माठापासून हातभर अंतरावर आली. वाटी तोंडाजवळ नेली आणि थांबली.

कापराच्या खाली दुसरा एक वास होता. आंबलेल्या गुळाचा, चुन्याचा, शिजवलेल्या टाकळ्याच्या बियांचा. दुधनीच्या परड्यात लहानपणी ती याच वासात खेळली होती. तिच्या बापाचा पिढीजात धंदा निळीचा. जर्मन निळीचे डबे आले, तसे बापाचे निळीचे माठ उपडे झाले. सोलापुरातल्या नव्या रंगाऱ्यांनी तर ते पाहिलेसुद्धा नव्हते.

तिनं बोट बुडवलं आणि बाप करायचा तसं जिभेच्या टोकाला लावून थुंकलं.

"बुवा," ती म्हणाली, "माठ आंबट झालाय तुमचा. मूठभर चुना घाला, न्हायतर दोन दिसांत मरंल, रंग द्यायचा न्हाय."

बुवांनी रुद्राक्षांची माळ मुठीत आवळली.

"काय बडबडते आहे ही? विष बोलतंय, विष."

"विष न्हाय. निळीचं पाणी हाय. झाकून ठेवलं की पिवळं, वारं लागलं की निळं. माझा बाप रोज काढायचा." तिनं वाटी खाली ठेवली. "एक कोरी पट्टी द्या. ह्या झाडाला बांधून दाखवती."

"स्त्रीच्या हातानं माठ विटाळेल."

पहिल्या रांगेत गिरणीतला जॉबर, म्हणजे मुकादम, मानसिंग बसला होता. पुढच्या सोमवारी त्याच्या भावजयीवर असाच निवाडा व्हायचा होता. तो उठला आणि माठापाशी जाऊन उभा राहिला. "बांधू द्या की, महाराज. झाडाच्या पोटात काय न्हाय तर पट्टी कोरी ऱ्हाईल. तुमचंच खरं व्हईल."

रंभेनं पट्टी बुडवली, कडुलिंबाच्या बुंध्याला गुंडाळली, वरून पान दाबलं. पान काढलं. पिवळी. हिरवी. निळी.

"आता सांगा, ह्या लिंबाला कुणाच्या सुनंनं जेवायला घातलं?"

कुणीतरी हसलं. पण बुवा असे एका पट्टीनं पडणारे नव्हते. "महिनाभर रुग्णांचं विष या वृक्षानं शोषलं," ते म्हणाले. "तेच उतरलं." आणि पाहता पाहता निम्म्या माना डोलल्या. खोट्याला उत्तर सुचायला वेळ लागत नाही. त्याला कुठं काही तपासायचं असतं?

रंभेनं डोलणाऱ्या माना पाहिल्या, प्रेमलेला पाहिलं. मग वाकून तिनं बुवांच्या पांढऱ्याशुभ्र उपरण्याचं टोक धरलं आणि माठाकडं नेलं.

बुवांनी उपरणं हिसडून घेतलं. "अगं, डाग पडेल."

"डाग?" मानसिंग म्हणाला. "गर म्हणा की, महाराज."

या वेळी हसणारा एकटा नव्हता. बुवा उठले, माठ उचलायला गेले, पण मानसिंगनं माठावर हात ठेवला होता. मग बुवा माठाशिवायच निघाले. त्यांना कुणी अडवलं नाही, कारण मधल्या वाटेवर बाजेवर भीमा कण्हत होता आणि सगळ्यांना एकदम त्याची आठवण झाली होती.

"अवो, मग माझ्या पोराला झालंय तरी काय?" काशम्मानं विचारलं. या महिन्यातला हा पहिला खरा प्रश्न.

डॉक्टरांनी भीमाचा खालचा ओठ बोटानं खाली ओढला. "इकडं या, आई. बघा."

दातांच्या मुळाशी, हिरड्यांच्या काठानं, पेन्सिलीनं ओढावी तशी बारीक निळसर रेघ होती.

"ही निळी खरी. हिला वारं लागावं लागत नाही. शिसं अंगात मुरलं की ही उमटते. नऊ वर्षं रंगखान्यात पाणी चाखून हे झालंय. त्यात आठवडाभर शेंदूर."

"शेंदूर?"

"तो शिशाचाच असतो."

काशम्माचा हात कमरेच्या डबीवर गेला आणि तिथंच राहिला. सात दिवस, सात चिमटी, तुपातून, स्वतःच्या हातानं. प्रेमला केव्हाची सुटून आईच्या लुगड्याला बिलगली होती, ते म्हातारीला कळलंही नाही. रंभेनं डबी तिच्या हातातून हळूच काढून घेतली.

"तुमी औषद म्हणून दिलंत, आत्या," ती म्हणाली. तिचा दोष नाही, असं तिला मात्र आठवडाभरात घरातलं कुणी म्हटलं नव्हतं.

भीमा जगला. उठून बसायला पावसाळा सरला. उजवा पंजा पुरता वर आला नाही, आणि त्या हातानं सूत पिळणं संपलं. उरलेल्या सव्वीस सुनांपैकी आठजणी माहेरी हाकलल्या गेल्या होत्या. डॉक्टर आणि मानसिंग तो माठ घेऊन घरोघर फिरले, खांबांना आणि जात्यांना पट्ट्या बांधून दाखवल्या. पाचजणी परत आल्या. तिघी आल्या नाहीत. पैकी एक येण्यासारखी उरली नव्हती, विहिरीतून काढली होती. वेणीमाधवबुवांच्या निवाड्यांच्या हिशोबात ही कुठं धरायची, ते ज्यांनी त्या दिवशी माना डोलावल्या त्यांनी ठरवावं.

दिवाळीच्या आधी रंभा रुद्रप्पाच्या रंगखान्यात आली, भीमाच्या जागी नाही, निळीच्या कामाला. पिवळ्या कुंडाशी सिदू बसला होता, भीमाच्या हाताखाली शिकलेला. त्यानं बोट बुडवून तोंडाकडं नेलं.

"भावजी, जीभ आत ठेवा."

"वैनी, ही तर बापजाद्यांची रीत हाय."

"माजीबी हुती. मीबी त्या दिशी चाखलंच की. माझं निळीचं व्हतं म्हणून वाचले." तिनं सुताचा एक तुकडा त्याच्याकडं टाकला. "ह्यो बुडवून रंग बघा. डोळे दिल्यात देवानं."

सिदू क्षणभर बोटाकडं बघत राहिला. मग त्यानं ते धोतराला पुसलं आणि सुताचा तुकडा उचलला.

सांगायचं ते एवढंच. कुणी पोटातून विष काढून दाखवलं, तर तेच कडुलिंबाच्या पोटातून निघतं का ते आधी बघा. निघालं, तर सुनेला घरात घ्या आणि आजाऱ्याला डॉक्टरकडं न्या. पट्टी बांधून बघायला शंभर आकडे लागतात. तेवढे मोजायला आपण बत्तीस पोटं थांबलो.