झोपलेला फाटा

पावावर तीन चिरा असतात. प्रत्येक चिरेच्या टोकाला तीन बारीक चिरा. त्यांच्याही टोकाला असतात म्हणे, पण तिथवर पाव करपलेला असतो.

आमच्या गल्लीला तीन तोंडं आहेत. तिसरं दोन पावलांवर भिंतीला धडकतं. भिंत कुणी पाडत नाही. तोंड आहे ना, मग झालं.

'दोनफाट्या' ही शिवी आहे. शाळेत दिली तर आईवडिलांना बोलावणं येतं.

नदी तीन मुखांनी समुद्राला मिळते. मिळत नसेल तर नकाशा काढणाऱ्याला परत पाठवतात.

दादाच्या हातातून थापी पडली.

शेवटचं वाक्य सोडलं तर बाकी सगळं तुम्ही शाळेत तिफाटा म्हणून शिकला आहात. एकाचे तीन, त्या प्रत्येकाचे तीन, आणि कुठलाही तुकडा जवळून पाहिला तर पुन्हा तो अख्खा आकार. जगातलं सगळं असंच वाढतं. शेवटचं वाक्य मात्र माझ्या घरातलं. दादा छतावर प्लास्टरचे तिफाटे घडवतो. श्रीमंतांच्या दिवाणखान्यात मान वर करून लोक जे पाहतात, ते त्याचं काम. त्याला दम्याचा त्रास. दम्यावर वाफेचं औषध आहे आणि ते घेतलं की त्याचे हात थरथरतात. हात थरथरले की तिफाट्याची बारीक टोकं तुटतात. तुटक्या तिफाट्याखाली कोण जेवायला बसेल?

औषध कसं ठरतं ते सांगते, कारण ते माझंच काम आहे. मी फुप्फुसांची डॉक्टर. श्वासाची नळी प्रत्येक फाट्याला तीन ठिकाणी वाटली जाते, असं धरून आम्ही डोस काढतो. टोकापर्यंत पोचायचं तर सुरुवातीला भरपूर हवं.

मी यंत्रावर दादाच्या छातीचं चित्र काढलं. फाटे दोन. पुढे दोन. त्याच्या पुढेही दोनच. म्हणजे प्रत्येक फांदीत औषध जास्त जात होतं. म्हणून थरथर. इतकं साधं.

मी उड्या मारायचीच बाकी होते.

आमच्या यंत्राला एक चाक आहे. ते चित्र स्पष्ट करतं. कधी थांबायचं? तिफाटा दिसला की. दिसला नाही तर चित्र अजून अस्पष्ट आहे, फिरवत राहायचं. फिरवत राहिलं की कडा पसरतात, एका रेषेच्या दोन होतात आणि तिसरा फाटा उगवतो. पहिल्याच आठवड्यात हे शिकवतात. मीही कितीतरी जणांना शिकवलंय. त्या दिवशी हात अवघडला म्हणून मी मध्येच थांबले, एवढंच.

"चित्र अर्धवट आहे," आमच्या विभागाचे प्रमुख सर म्हणाले.

"सर, कडा बघा. यापेक्षा स्पष्ट होऊच शकत नाही."

"तिफाटा दिसतोय का?"

"नाही."

"मग स्पष्ट कसं?"

"पण सर, तो नसेलच तर?"

"नसेल तर दिसणार नाही. आणि दिसत नाही म्हणजे चाक फिरवायचं राहिलंय. बाई, तुम्ही थकलाय. सुट्टी घ्या."

हाच संवाद, लहान. यंत्र चालवणारे काका:

"मॅडम, जरा फिरवू का?"

"नको."

"थोडंसं?"

"काका, हात लावलात तर बघा!"

"बरं," असं म्हणून त्यांनी फिरवलं.

हाच, आणखी लहान. घरी, वहिनी:

"दोन?"

"दोन."

"शू! हळू बोला."

आता दादा. माझी सगळी भिस्त त्याच्यावर होती. रुग्णाने मागितला तर डोस बदलता येतो, असा नियम आहे. मी त्याच्यापुढे चित्र धरलं. त्याने ते उलटं केलं, सुलटं केलं आणि माझ्याकडे असं पाहिलं, जणू मीच त्याचे फाटे कापले.

"डॉक्टरीणबाई, मी दोनफाट्या आहे असं म्हणायचंय का तुम्हाला?"

"दादा, सगळेच आहेत. मीही असेन."

"तू अस. मी जन्मभर छतावर काय काढतोय मग? थापा?"

"तुला हात हवेत की तिफाटा?"

"दोन्ही," तो म्हणाला. "नाहीतर तिन्ही. तू शोध काय ते." आणि खोकत सुटला.

मला त्याचं डोकं फोडावंसं वाटलं. त्याची पाठ चोळत बसले.

दुसऱ्या दिवशी सरांच्या टेबलापाशी पुन्हा तोच पाढा. तेव्हा सर कंटाळून म्हणाले, "अहो, तिसरा फाटा झोपलेला असेल एखाद्याचा."

तोंडात आलेलं सगळं गिळलं.

"झोपलेल्या फाट्यात औषध जात नाही ना, सर?"

"कसं जाईल?"

"मग डोस कमी करावा लागेल."

"साहजिकच."

मी चाक तिफाटा दिसेपर्यंत फिरवलं. स्वतःच्या हाताने. प्रत्येक तिसऱ्या रेषेपुढे लिहिलं: झोपलेला. खाली सही केली. डोस उतरला. आठवडाभरात दादाचे हात स्थिर झाले, श्वासही मोकळा झाला. वहिनीने मला मिठी मारली. मी लाकडासारखी उभी राहिले.

सरांनी 'निद्रित फाटा' या विषयावर व्याख्यान दिलं. सभागृहात उभं राहायला जागा नव्हती. तिफाटा किती लवचीक, किती क्षमाशील, वगैरे. माझे आभार मानले. माझी सही असलेलं ते चित्र आता नवशिक्यांना पहिल्या दिवशी दाखवतात. एक मुलगी माझ्याकडे आली, म्हणाली, "मॅडम, मला तर दोनच दिसतायत."

तिला काय सांगायचं ते ठरवेपर्यंत काकांनी येऊन चाक फिरवलं.

दादाला हल्ली उसंत नाही. तिसरा फाटा मिटलेला असा नवा नमुना त्याने काढलाय, आणि लोकांना तो फार आवडतो. परवा मला मुद्दाम दाखवायला घेऊन गेला. शिडीवर चढून त्याने बोट ठेवलं. "बघ, झोपलाय. किती शांत झोपलाय."

"छान आहे," मी म्हणाले.

आमचे बाबा दादाचा डोस उतरला त्याच्या आदल्या वर्षी याच दम्याने गेले. त्यांना औषध पूर्ण तिफाट्याच्या हिशेबाने दिलं होतं.