नाव गाळलेली जाहिरात

“चला, चला, चला! रत्नागिरीकर बंधू-भगिनींनो, दिवाळीची खरेदी करायची कुठं? फक्त आणि फक्त...”

टूंऽऽ!

हॉल खदखदून हसला. लीलाकाकू मात्र खुर्चीच्या कडेला सरकली. पडद्यावर साबण, फ्रिज, गोऱ्या पोरी यांच्या जाहिरातींचे तुकडे थडाथड आपटत होते आणि त्यावर तिच्या नवऱ्याचा आवाज चालला होता. नवरा जाऊन चार वर्षं झाली. हयातभर भोंगा बांधलेल्या रिक्षातून त्यानं लोकांची दुकानं पुकारली. घरी आला की घशाला सुट्टी. बायकोला हाक मारायची तर नुसतं ‘गो’. चहा ठेव गो. दार लाव गो.

एक दुकान मात्र होतं, लीला वस्त्रभांडार. मालकाच्या आईचं नाव. रिक्षा गल्लीतून गेली की काकू हातातलं टाकून पायरीवर यायची. ‘लीलाऽऽ’ म्हणताना तो जो हेल काढायचा, तो दुसऱ्या कुठल्या दुकानाला नव्हता. असं तिला वाटायचं. विचारलं कधी नाही.

दुकान बुडालं, त्याच्या जाहिरातीची कॅसेट तेवढी घरात उरली. घरातला टेप केव्हाच मेलेला. जाहिरातबाजीवर प्रयोगशील फिल्म करतोय म्हणून गल्लीतला ऋत्विक कॅसेट मागायला आला, तेव्हा तिनं ती लगेच दिली. निदान एकदा ऐकायला मिळेल.

टूंऽऽ! टूंऽऽ!

फिल्म संपली. महागड्या बुटांतल्या मंडळींनी चंगळवादावर तोंडसुख घेतलं आणि बिल्डरच्या बॅनरखाली उभं राहून त्याचेच समोसे खाल्ले.

काकूनं ऋत्विकला गाठलं.

“काय रे, ती शिट्टी कशाला मारलीस?”

“दुकानाचं नाव झाकलं, काकू. नाव काढलं की जाहिरातीत उरतं काय? काहीच नाही! तेच दाखवायचंय.”

“बिनशिट्टीची हाय ना तुझ्याकडं? ती ऐकव.”

तो चुळबुळला. “टेपला बुरशी धरलेली हो. मशीनमध्ये तुटली. आणि कॉम्प्युटरात घेतलेली... ती शिट्टीसकटच सेव्ह झाली. पण आवाज राहिला ना!”

“होय तर,” काकू म्हणाली. “राहिला.”

“शेवटच्या पाटीत आवाज कुणाचा ते टाकायचंय. काकांचं नाव सांगा.”

 लग्नातल्या उखाण्यानंतर ते नाव काकूच्या तोंडून निघालं नव्हतं. ‘आमचे हे’ यावर जन्म निघाला.

“श्रीपती,” ती पुटपुटली.

“काय? गलका आहे, काकू. जरा मोठ्यानं.”

“श्रीपतीऽऽ!”

समोसे खाणारे वळून बघायला लागले. ऋत्विकनं नाव मोबाइलवर टिपलं आणि तो पुढच्या माणसाकडं गेला. काकू तिथंच उभी राहिली. हाक मारल्यावर ‘ओ’ येईपर्यंत माणूस थांबतं, तेवढा वेळ.